पोराला कळलं पाहिजे: दाखला, दुभाषी आणि स्टेटसवरचा फोटो

अठरा पूर्ण न झालेले किती जण आहेत, हात वर करा बघू. बरेच आहात की. मग आजचं बोलणं तुमच्यासाठी, आणि मागं उभ्या असलेल्या मंडळांच्या कार्यकर्त्यांसाठी त्याहून जास्त.

मी बेळगाव-खानापूर भागात वकिली करते. गणपतीची मिरवणूक, 1 नोव्हेंबरची सायकल फेरी, नाहीतर कॉलेजच्या गेटवरची मारामारी. गर्दीत पोरं उचलली की रात्री फोन येतो, "मॅडम, पोराला स्टेशनात नेलंय, सकाळी बघू काय?" सकाळी नाही. आत्ताच.

2015 चा बाल न्याय कायदा केंद्राचा आहे. म्हणजे शिनोळीच्या पलीकडं चंदगडात जो, तोच अलीकडं आपल्याकडं. घटनेच्या दिवशी ज्याला अठरा पूर्ण नाहीत, तो कायद्यानं मूल. मिशी फुटली असली तरी. त्याला लॉकअपमध्ये ठेवता येत नाही, जेलमध्ये तर नाहीच. त्याला बाल कल्याण पोलीस अधिकाऱ्याच्या ताब्यात द्यायचं आणि प्रवासाचा वेळ सोडून 24 तासांच्या आत बाल न्याय मंडळापुढं न्यायचं. तिथं एक न्यायदंडाधिकारी आणि दोन सामाजिक कार्यकर्ते बसतात, त्यांत किमान एक महिला. जामीन देणं हा नियम; नाकारला तर मंडळाला कारण लिहावं लागतं. 2016 च्या आदर्श नियमांप्रमाणं बेड्या घालायच्या नाहीत आणि कबुलीसाठी जबरदस्ती करायची नाही. गर्दीत मोठी माणसं सोबत असतात म्हणून एफआयआर होतो, पण मुलाची केस मोठ्यांसोबत एकत्र चालवता येत नाही.

एक अपवाद सांगून ठेवते. सोळा ते अठरामधल्या मुलावर घोर गुन्ह्याचा आरोप असेल, म्हणजे किमान शिक्षाच सात वर्षं किंवा जास्त, तर मंडळ आधी त्याचं मूल्यमापन करतं आणि केस बाल न्यायालयाकडं जाऊ शकते. "आपण तर मायनर, काय होतंय" म्हणणाऱ्यांनी हे ऐकून घ्यावं.

आता आपल्या भागातली खरी अडचण. घर मराठी, शाळा मराठी, आणि पुढ्यात येणारा कागद कन्नड. आई सही करून येते. काय लिहिलंय विचारलं तर म्हणते, "सही केली की सोडतो म्हणाले." कलम 8 मध्ये मंडळाची कामं दिलीत. मुलाचा आणि पालकांचा प्रत्येक टप्प्यावर समजून-उमजून सहभाग, हे त्यातलं एक. आणि कामकाजाची भाषा मुलाला कळत नसेल तर दुभाषी किंवा भाषांतरकार मंडळानं द्यायचा. यासाठी तालुक्यात मराठी भाषिक पंधरा टक्के आहेत का, हे मोजावं लागत नाही. या पोराला कळत नाही, एवढं पुरे. उद्या बिहारच्या कामगाराचं पोर तिथं उभं राहिलं तर त्याचाही हाच हक्क.

पण मागावं लागतं. आपली पोरं बाजारात कन्नड बोलतात, मित्रांत बोलतात, चांगलं बोलतात. मंडळापुढं विचारलं, "कन्नड बरुत्ता?" की मान डोलावतात. अरे, भाजीचा भाव करण्याचं कन्नड वेगळं आणि जबाबातलं वेगळं! हे काही आंदोलन नव्हे, तिथं भांडायला जायचं नाही. शांतपणे मागायचं, आणि लेखी.

दुसरी गोष्ट दाखला. वय ठरवताना कलम 94 आधी बघतं शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा दहावीच्या बोर्डाचं सर्टिफिकेट. ते नसेल तर महापालिका, नगरपालिका नाहीतर पंचायतीचा जन्मदाखला. यातलं काहीच नसेल तरच हाडांची तपासणी. आधार कार्ड जन्मतारखेचा पुरावा नाही, हे सुप्रीम कोर्टानं 2024 मध्ये सांगितलंय. आपल्याकडं गुरुजींनी सरसकट 1 जून लिहिलेली कितीतरी घरं आहेत. मराठी शाळेच्या कागदावर नाव एक आणि कन्नड कागदावर दुसरंच, हेही असतंय. आज घरी गेल्यावर दोन्ही कागद शेजारी ठेवून वाचा. चूक असेल तर आत्ता दुरुस्त करा, स्टेशनच्या दारात नव्हे.

आता कार्यकर्त्यांनो. पोराला नेलं की तासाभरात त्याचा फोटो स्टेटसवर चढतो, "आमचा वाघ" म्हणून. नाव, गल्ली, शाळा, सगळं. कलम 74 प्रमाणं ओळख उघड करणं गुन्हा आहे. सहा महिन्यांपर्यंत कैद, दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. आणि बघा गंमत: केस मिटल्यावर पोलिसांनासुद्धा चारित्र्याच्या दाखल्यासाठी ते रेकॉर्ड देता येत नाही. कायदा त्याचं नाव झाकतो आणि आपण फ्लेक्सवर छापतो. दोन वर्षांनी तो नोकरीला गेला की कंपनीवाला मोबाइलवर नाव टाकून तेच बघणार. वाघ वगैरे ठीक आहे, पण पोराला विचारलंत काय?

रात्री काही झालं तर 1098 मुलांसाठी, 15100 मोफत वकिलासाठी. दुभाष्यासाठीचा अर्ज दोन ओळींचाच असतो, लिहून घ्या: "माझ्या मुलाला कामकाजाची भाषा समजत नाही. बाल न्याय कायदा 2015, कलम 8 प्रमाणे मराठी दुभाषी मिळावा." खाली तारीख, सही. दोन प्रती काढा, आणि एकीवर पोच घ्या.