पाचवीचा कोरा कागद

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



विषय आपण माझ्यावरच सोपविलात, तेव्हा घराघरांतलाच एक विषय मी निवडला आहे. तो म्हणजे शाई. दुकानात मिळते ती नव्हे. जिने लिहिले म्हणजे अक्षरात शक्ती येते अशी आपली समजूत आहे, ती शाई.

बाळ जन्मले की पाचव्या किंवा सहाव्या दिवशी आपल्याकडे सटवाईची पूजा होते. पूजेत कोरा कागद आणि लेखणी ठेवतात. रात्री सटवाई येते आणि बाळाच्या कपाळी त्याचे नशीब लिहून जाते, अशी श्रद्धा. सकाळी कागद कोराच असतो! तरी लेख लिहिला गेला असे आपण मानतो. ती शाई कुणाला दिसत नाही, पुसली जात नाही आणि तिने लिहिलेले वाचता तर कुणालाच येत नाही. एखादीच्या मागचे कष्ट सरेनात, की 'तिच्या पाचवीलाच पुजले आहेत' असे आपण म्हणतो, ते या पूजेवरूनच.

दुसरी शाई ताइताची. भूर्जपत्रावर डाळिंबाच्या काडीने, अष्टगंधात बुडवून यंत्र काढायचे, घडी करून ताइतात घालायचे आणि गळ्यात किंवा दंडात बांधायचे. काही ठिकाणी केशराच्या पाण्याने पवित्र वचन लिहून, ते धुतलेले पाणी आजाऱ्याला पाजतात. प्राचीन मिसर देशातही दगडावर मंत्र कोरून त्यावरून ओघळलेले पाणी विंचू-सापाच्या विषावर उतारा म्हणून पीत असत. तेव्हा ही समजूत केवळ आपलीच आहे असे नाही.

ती का निर्माण झाली असावी? गावात वाचणारा एखादाच असे. त्याने कागदावर चार ओळी खरडल्या की कुणाची जमीन जाई, कुणाला कचेरीत बोलावणे येई. ज्याला वाचता येत नाही त्याला ती जादूच वाटणार! आणि ताइताबद्दल एक गोष्ट आपण सर्वजणी ऐकत आलो आहोत: 'उघडू नकोस, गुण जाईल.' म्हणजे त्या अक्षरांची शक्ती ती न वाचण्यावरच अवलंबून.

भगिनींनो, श्रद्धेची थट्टा करण्यासाठी मी उभी नाही. पाचवीची पूजा खुशाल करावी. माझे सांगणे निराळे आहे. खरोखर शक्ती असलेली शाई जगात आहे. पण तिला ती शक्ती कायद्याने आणि माणसांच्या संमतीने येते, आणि ती आपल्याला लाभते वाचल्यावर.

स्वतंत्र भारताची पहिली सार्वत्रिक निवडणूक 1951-52 साली झाली. मतदार म्हणून नोंदविण्याजोग्या स्त्रिया सुमारे 8 कोटी होत्या. त्यांतील सुमारे 28 लाख स्त्रियांनी स्वतःचे नाव सांगितले नाही. अमक्याची बायको, तमक्याची आई, एवढेच सांगितले. त्यांत उत्तर भारतातील प्रांतांच्या भगिनी अधिक होत्या. निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी नावाशिवाय नोंद चालणार नाही असे ठरविले आणि त्या 28 लाख स्त्रिया यादीबाहेर राहिल्या. राज्यघटनेने हक्क दिला होता, पण दोन अक्षरी नाव कागदावर चढले नाही म्हणून तो हातचा गेला.

पुढे 1962 च्या निवडणुकीपासून मतदाराच्या बोटाला न पुसणारी शाई लागू लागली. म्हैसूरच्या कारखान्यात ती बनते. तिच्यात सिल्व्हर नायट्रेट असते. कातडीला लागून उजेड मिळाला की काळा डाग पडतो. यात मंत्र नाही, रसायन आहे. मात्र तो डाग राणीच्या बोटावर आणि मोलकरणीच्या बोटावर सारखाच उमटतो, हा चमत्कार लहान नव्हे.

आता घरातल्या कागदाकडे येऊ. वडिलांच्या मिळकतीत मुलीला वाटा 1956 च्या कायद्याने मिळाला. वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतका जन्मसिद्ध हक्क आपल्या राज्यात 1994 साली आणि साऱ्या देशात 2005 साली आला. पण वडील गेले की तेराव्याचे पाहुणे पांगण्याआधीच हक्कसोडपत्र पुढे येते. 'ताई, इथे सही कर, नुसता सोपस्कार आहे.' कागदाची घडी अशी धरलेली असते की सहीची जागा तेवढी दिसावी. ताईत न उघडता बांधावा, तशी ती बिचारी न वाचता सही करते. जिला लिहिता येत नाही तिचा डावा अंगठा शाईत बुडवून घेतात. त्या कागदाची एकदा सरकारी नोंदणी झाली, की तो फिरविण्यासाठी कोर्टाची पायरी चढावी लागते.

भावाला वाटा देणे गैर आहे असे माझे म्हणणे नाही. मायेने द्यायचा तर अवश्य द्यावा. परंतु काय देतो आहोत हे जाणून दिले तरच ते दान. न जाणता गेले तर तो तोटा. आणि जो भाऊ 'वाच आणि मग सही कर' म्हणतो, त्याच्याशी माहेर तुटत नाही, उलट दृढ होते.

म्हणून मंडळापुढे एक सूचना ठेवते. महिन्यातून एक दुपार 'कागदवाचना'ची असावी. ज्या भगिनीला कुठल्या कागदावर सही मागितली असेल तिने त्याची प्रत घेऊन यावे. जाणत्या भगिनींनी तो मोठ्याने वाचावा, अर्थ सांगावा आणि गरज पडल्यास वकिलाकडे तिच्या सोबत जावे. ज्यांना सही येत नाही त्यांना आधी स्वतःचे नाव लिहायला शिकवावे. घराच्या उताऱ्यावर आणि बँकेच्या पुस्तकावर आपले नाव आहे की नाही, हे प्रत्येकीने एकदा पाहून घ्यावे.

सटवाईने काय लिहिले ते आपल्याला वाचता येत नाही, त्याला इलाज नाही. माणसांनी लिहिलेले तरी आपण वाचू या.