वस्तीवरचा कुत्रा आणि पाण्याची गाठ

(मिरजगाव येथील आरोग्य सभेत केलेले भाषण)



आज मी एका आजाराविषयी बोलणार आहे. डॉक्टर त्याला हायडॅटिड म्हणतात, आपण पाण्याची गाठ म्हणू. त्याचे मूळ आहे कुत्र्याच्या आतड्यात राहणारा पट्टकृमी. हा जंत तांदळाच्या दाण्याहूनही लहान असतो. कुत्र्याला त्याचा काही त्रास होत नाही, म्हणून आपल्यालाही संशय येत नाही.

आपल्या भागात मेंढपाळांचे वाडे आहेत, पारधी बांधवांच्या वस्त्या आहेत. शेळ्या-मेंढ्या, कुत्री आणि लेकरे एकाच अंगणात वाढतात. मेंढरू कापले किंवा मेले, की त्याच्या कलेजीत, फुप्फुसात कधी कधी पाण्याने भरलेले पांढरे फुगे दिसतात. तो भाग माणसे खात नाहीत, कुत्र्यापुढे टाकतात. फुग्यातल्या बारीक कणांचे कुत्र्याच्या पोटात जंत होतात. त्यांची अंडी विष्ठेतून बाहेर पडतात आणि माती, गवत, पाणी व कुत्र्याच्या केसांवर पसरतात. गवतातून ती पुन्हा मेंढराच्या पोटात जातात, आणि न धुतलेल्या हातातून किंवा कच्च्या भाजीतून माणसाच्या.

माणसात गाठ बहुतेक वेळा यकृतात होते, नाहीतर फुप्फुसात. ती इतकी हळू वाढते की लहानपणी शिरलेला रोग मोठेपणी उमगतो. उजव्या बरगडीखाली जडपणा वाटतो, पोट दुखते, खोकला लागतो. गाठ आत फुटली तर जिवावर बेतू शकते. म्हणून पोट चोळून घेऊ नका, डाग देऊ नका. सोनोग्राफी करून घ्या. उपाय आहेत: अल्बेंडाझोलच्या गोळ्या आणि गरज पडल्यास शस्त्रक्रिया. पण मोलमजुरी करणाऱ्या घराला महिनोन्‌महिने औषध आणि बुडालेला रोज परवडत नाही.

एक गैरसमजही दूर करते. हा रोग मटण खाल्ल्याने होत नाही. एका माणसाकडून दुसऱ्यालाही होत नाही. रोग्याचे ताट वेगळे ठेवू नका.

एका वस्तीवर एका आजीने मला विचारले, “मग कुत्रं हाकलून द्यायचं का, ताई? रातीला शेरडं कोण राखील?” तिचा प्रश्न रास्त आहे. लांडगा-चोरापासून त्या घराला राखणारा तोच एक. कुत्रा हाकलायचा नाही, त्याच्या तोंडी फुगे जाऊ द्यायचे नाहीत. तो भाग खोल पुरा किंवा जाळा. कुत्र्याला घालायचाच असेल तर अर्धा तास चांगला उकळून घाला. जनावरांच्या डॉक्टरांना विचारून कुत्र्याला प्राझिक्वांटेलची गोळी द्या. अंडी बाहेर पडायला साधारण सहा-सात आठवडे लागतात, म्हणून गोळी दर सहा आठवड्यांनी दिली तर साखळी तुटते. आणि जेवणापूर्वी लेकरांचे हात साबणाने धुवा.

हे जमते का? आइसलँड या मेंढपाळांच्या देशात हा रोग फार होता. हाराल्ड क्राबे या डॅनिश तज्ज्ञाने तिथली १०० कुत्री तपासली, तेव्हा २८ मध्ये हा जंत सापडला. १८६४ साली त्याची एक छोटी पुस्तिका घरोघर वाटली गेली. हिवाळ्याच्या रात्री कुटुंबाने एकत्र बसून मोठ्याने वाचायची तिथे रीत होती. लोकांना कारण कळले, पुढे कायदेही झाले, आणि तो देश या रोगातून मुक्त झाला. त्या काळी आजची गोळीही नव्हती.

आपण मदत पाठवता तेव्हा बहुधा शस्त्रक्रियेसाठी पाठवता. ती हवीच. पण त्यातला थोडा भाग कुत्र्यांच्या गोळ्यांसाठी, वस्तीजवळच्या एका झाकणाच्या खड्ड्यासाठी आणि साबणासाठी ठेवू या. आणि हा अंक घरी वाचून झाला, की ज्यांना वाचता येत नाही अशा एका घरी जाऊन हे पान मोठ्याने वाचून दाखवा. एवढीच माझी विनंती.