सई परांजपे : लेखणीकडून पडद्याकडे
(वार्षिक स्नेहसंमेलनातील भाषण)



गुणवंत विद्यार्थ्यांचा सत्कार नुकताच पार पडला. वैद्यक, अभियांत्रिकी, हिशेबशास्त्र या मार्गांनी आपली मुले पुढे जात आहेत, याचा आम्हांस अभिमान वाटतो. परंतु मुलाने नाटक, चित्रपट वा दूरदर्शन यांचे नाव काढले की आपल्या घरांत मौन पसरते. म्हणूनच लेखिका, निर्मात्या व दिग्दर्शिका श्रीमती सई परांजपे यांच्या कार्याचा अल्प परामर्श घेण्याचे आम्ही योजिले आहे.

सईबाईंचा जन्म १९३८ साली लखनौस झाला. रँग्लर र. पु. परांजपे हे त्यांचे आजोबा. कुटुंबनियोजनाच्या कार्यकर्त्या व १९३७ च्या ‘कुंकू’ चित्रपटातील अभिनेत्री शकुंतलाबाई या त्यांच्या मातोश्री. वयाच्या आठव्या वर्षी ‘मुलांचा मेवा’ हे सईबाईंचे पुस्तक प्रसिद्ध झाले. असे विद्यासंपन्न घर सर्वांच्या वाट्यास येत नाही, हे आम्ही जाणतो. तथापि मुलाच्या हाती वही द्यावी आणि त्याने लिहिलेले आस्थेने वाचावे, एवढे कोणत्या घरास परवडणार नाही?

पुढे पुणे आकाशवाणीवर निवेदनाचे काम, १९६३ साली राष्ट्रीय नाट्य विद्यालयाची पदविका आणि त्यानंतर दिल्ली दूरदर्शनवर निर्मातीपद, अशा क्रमाने त्यांची उमेदवारी झाली. चित्रपटक्षेत्रात यश एका रात्रीत मिळते, असा समज बाळगणाऱ्यांनी हा क्रम ध्यानी घ्यावा.

‘स्पर्श’ या चित्रपटात अंध मुलांच्या शाळेचा अंध मुख्याध्यापक आहे. त्याला साहाय्य हवे आहे, दया नको. दिल्लीच्या ब्लाइंड रिलीफ असोसिएशनच्या शाळेतच बहुतेक चित्रण झाले आणि तेथील मुख्याध्यापक मित्तल यांच्यावरूनच नायक रेखाटला गेला. १९७९ सालच्या राष्ट्रीय पुरस्कारांत उत्कृष्ट हिंदी चित्रपट, अभिनेता व पटकथा हे तिन्ही सन्मान ‘स्पर्श’ला लाभले, पटकथा अर्थातच सईबाईंची. १९८१ च्या ‘चष्मेबद्दूर’मध्ये घरोघर धुण्याची पावडर विकणारी मुलगी नायिका झाली. शं. गो. साठे यांच्या ‘ससा आणि कासव’ या नाटकावरून निघालेल्या ‘कथा’मध्ये (१९८३) चाळीतला भोळा कारकून आणि त्याचा थापाड्या मित्र आहेत. ‘अडोस पडोस’ व ‘छोटे बडे’ या मालिकांनी तीच शेजारपाजारची माणसे घरोघरी पोहोचविली. तर १९९० च्या ‘दिशा’ने पोटासाठी मुंबईच्या गिरणीत आलेल्या खेडुतांची व्यथा मांडली. २००६ साली त्यांना पद्मभूषण किताब मिळाला. २०१६ साली ‘सय’ हे आत्मकथन प्रसिद्ध झाले.

या साऱ्या कार्याचे मर्म आम्हांस एकच दिसते : शेजारच्या माणसाकडे मन लावून पाहणे. त्याला ना भांडवल लागते, ना वशिला.

आता एक कबुली. काही वर्षांपूर्वी आमच्याच कुटुंबातील एका मुलीने नाट्यशिक्षणास जाण्याची इच्छा बोलून दाखविली, तेव्हा ‘हे आपल्यातले नव्हे’ असे सांगून आम्ही तिला थांबविले. ती आज चांगल्या नोकरीत आहे. लिहीत मात्र नाही. तिने आम्हांस कधी दोष दिला नाही, आणि तेच आम्हांस अधिक सलते.

म्हणून आमची कार्यकारी मंडळास नम्र सूचना आहे की, पुढील वर्षी सत्काराच्या यादीत एक पारितोषिक मुलांच्या लेखनासाठी असावे. रक्कम अल्प असली तरी चालेल. परंतु ते लेखन आपण सर्वांनी वाचावे.