पाण्याने चढावे, माउलीने नव्हे



२३ एप्रिल १९८८ रोजी ग्रीसमधील क्रीट बेटावरून एक विमान उडाले. त्याला इंजिन नव्हते. कानेलोस कानेलोपूलोस हा सायकलपटू पायडल मारीत होता आणि त्या बळावर ‘डीडेलस’ ११५ किलोमीटरचा समुद्र ओलांडून सांतोरिनीच्या किनाऱ्यालगत पोहोचले. या विमानाच्या रचनेत एमआयटीचे वायुगतिशास्त्रज्ञ प्रा. मार्क ड्रेला यांचा मोठा वाटा होता. १९९१ मध्ये याच प्राध्यापकांनी पायडलची नौका स्वतः चालवून १८.५ नॉट, म्हणजे ताशी सुमारे ३४ किलोमीटर वेग गाठला.

हा श्रीमंत देशाचा छंद म्हणून सोडून देणे सोपे आहे. परंतु त्यामागील दृष्टी महत्त्वाची. सामान्य माणूस दीर्घकाळ सुमारे ७५ वॉट शक्ती देऊ शकतो. ती कुठे वाया जाते, हे शोधणे हेच या शास्त्राचे मर्म होय. महाराष्ट्रातही नागपूरचे डॉ. जे. पी. मोडक यांनी हाच विचार केला. त्यांच्या यंत्रात माणूस पायडल मारून जड चक्रात शक्ती साठवितो आणि ती काही क्षणांत विटा पाडण्यासारख्या कष्टाच्या कामाला मिळते.

आता जव्हार-मोखाड्याकडे पाहावे. पावसाळ्यात येथे धो-धो पाऊस कोसळतो; उन्हाळ्यात पाड्यापाड्यांवर टँकरची वाट पाहावी लागते. वैतरणेवरील धरणांचे पाणी मुंबईला जाते आणि मोखाड्याची माउली डोक्यावर चुंबळ ठेवून दरीतल्या विहिरीकडे निघते.

तिच्या श्रमाचा हिशेब मांडावा. ४५ किलो वजनाची स्त्री १५ लिटरचा हंडा घेऊन ५० मीटर उंच चढते, तेव्हा चढाईच्या कार्यातील केवळ एक-चतुर्थांश वाटा पाण्याला मिळतो. उरलेला स्वतःचा देह वर नेण्यात खर्ची पडतो, हंड्याचे वजन तर वेगळेच. तेच ७५ वॉट विहिरीवरील पायडल-पंपाला दिले आणि निम्मी शक्ती वाया गेली असे धरले, तरी एका तासात सुमारे २७५ लिटर पाणी ५० मीटर वर चढेल. म्हणजे अठरा हंडे. आणि दरीची चढण अठरा वेळा नव्हे, एकदाच.

पायडल-पंप हा नळाला पर्याय नव्हे. नळाचे पाणी हा या माउलींचा हक्कच आहे आणि तो त्यांना मिळालाच पाहिजे. परंतु तो मिळेपर्यंत तिच्या मानेवरचा भार कमी करणे अशक्य नाही. पंप बसवायचा, तर नळी, झडप आणि दुरुस्ती जाणणारा पाड्यावरचाच तरुण हवा. अन्यथा पहिल्याच बिघाडानंतर यंत्र गंजत पडेल.

अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्यांनी एका सुट्टीत या दरीत उतरावे. परतताना एक हंडा स्वतःच्या डोक्यावर घ्यावा. पुढचे गणित आपोआप सुचेल.