सभासदाला काढताना



ज्यांच्या स्मरणार्थ आज आपण येथे जमलो आहोत, त्या गुरुजींनी एका मुलाच्या तक्रारीवरून दुसऱ्याला कधी शिक्षा केली नाही. ‘आता तू बोल,’ असे म्हणून ते थांबत. आजचा विषय मला त्या थांबण्यावरूनच सुचला. साखळीसारख्या गावात वाचनालये, भजनी मंडळे, नाट्यमंडळे पुष्कळ. आणि जेथे मंडळ आहे तेथे ‘याला काढा’ हा ठरावही कधी ना कधी येतोच.

वाळीत टाकण्याची रीत आपल्याकडे जुनी आहे. १८९० साली पंचहौद मिशनमधील चहावरून पुण्यात ग्रामण्य माजले, तेव्हाही शंकराचार्यांनी चौकशीसाठी शास्त्री नेमले होते. स्वेच्छेने उभ्या राहिलेल्या संस्थांबाबतचा मार्गदर्शक खटला मात्र आपल्या शेजारचा, चोर्ला घाटापलीकडील बेळगावचा आहे. तेथील ‘लॉज व्हिक्टोरिया, क्रमांक ३६३’ या फ्रीमेसन मंडळाने एका सभासदाला काढून टाकले. तो न्यायालयात गेला आणि वाद थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोहोचला. डिसेंबर १९६२ मध्ये, म्हणजे गोवा मुक्त होऊन वर्ष भरत आले असताना, न्यायमूर्ती सुब्बाराव यांनी निकाल दिला. सभासद ज्या नियमांना मान्यता देऊन आत येतो, त्याच नियमांनी त्याला बाहेर काढता येते. संस्थेने ते नियम काटेकोरपणे पाळावेत, सद्‌हेतूने वागावे आणि त्याला आरोप कळवून उत्तराची संधी द्यावी. एवढे झाले असेल, तर निर्णय बरोबर की चूक हे न्यायालय अपिलासारखे तपासत बसणार नाही.

तो सभासद खटला हरला, हे मुद्दाम सांगतो. सुनावणी दिली म्हणजे दोषी सुटतो, ही भीती व्यर्थ आहे. उलट, रीतसर काढलेल्याला काढल्याचा निर्णय न्यायालयातही टिकतो.

सहकारी संस्थांना कायद्यानेच अधिक बांधले आहे. महाराष्ट्राच्या १९६० च्या अधिनियमात त्यासाठी खास सभा, तीनचतुर्थांश बहुमत, सभासदाला म्हणणे मांडण्याची संधी आणि वर निबंधकाची मान्यता लागते. आपली मंडळे नोंदली जातात ती बहुधा १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखाली, आणि तेथे सारी भिस्त संस्थेच्या स्वतःच्या नियमावलीवर. ती कपाटात असते. कपाटाची किल्ली चिटणीसांकडे!

आता एक कबुली. फार वर्षांपूर्वी एका वाचनालयाच्या कार्यकारिणीवर मी होतो. जुन्या मासिकांचा एक गठ्ठा गहाळ झाला आणि संशय एका सभासदावर गेला. विषयपत्रिकेत हा विषय नव्हता. त्यांना नोटीस नव्हती. ज्यांनी तक्रार केली तेच सभेत सर्वांत अधिक बोलले, आणि मतालाही बसले. ‘सगळ्यांना ठाऊकच आहे,’ असे कोणीतरी म्हणाले आणि तेवढ्यावर भागले. लहान गावात हेच वाक्य सर्वांत घातक असते. कारण सर्वांना ठाऊक असलेली गोष्ट कोणीच तपासलेली नसते. मराठीचा प्राध्यापक म्हणून ठरावाचा मसुदा माझ्याकडे आला. तो मी चांगला सजवून लिहिला.

पुढच्या उन्हाळ्यात भिंतींना चुना काढताना तो गठ्ठा कपाटामागे सापडला. पण तो सापडला नसता तरी आमचा ठराव चुकीचाच होता, हे समजायला मला आणखी कित्येक वर्षे लागली. आम्ही त्यांना दिलगिरीचे पत्र पाठवले. ते न उघडताच परत आले. ठराव अजून इतिवृत्तात आहे, माझ्या अक्षरात.