ओळखपत्रातला चेहरा



बाहेरच्या फलकावर विषय लिहिला आहे तो असा : ‘समकालीन कलेतील वंश, लिंगभाव आणि लैंगिक ओळख’. एका व्याख्यानात हे सगळं कोंबायला गेलं तर हाती नुसती नावांची यादी लागेल. म्हणून मी एकाच कलावंताबद्दल बोलणार आहे. दक्षिण आफ्रिकेतले छायाचित्रकार झनेले मुहोली. जन्म १९७२चा, डर्बनजवळच्या उमलाझी या कृष्णवर्णीयांच्या वस्तीतला. आई बेस्टर चाळीसहून अधिक वर्षं एका गोऱ्या कुटुंबाकडे घरकाम करायची. मुहोली स्वतःला बाई किंवा पुरुष यांपैकी कुठल्याच रकान्यात घालत नाहीत.

रकान्याचाच विषय निघाला, तर आधी सरकारी रकाने पाहू. १९५० साली दक्षिण आफ्रिकेत लोकसंख्या नोंदणीचा कायदा झाला आणि प्रत्येक माणसाच्या नावापुढे त्याचा वंश लागला. शंका आली तर केसात पेन्सिल खुपसून पाहत. पडली तर एक वंश, अडकली तर दुसरा! सख्खी भावंडं वेगवेगळ्या वंशांत पडल्याची उदाहरणं आहेत. १९५२च्या कायद्याचं नाव तर ऐकण्यासारखं आहे. पास, म्हणजे कृष्णवर्णीयांना जवळ बाळगावे लागणारे परवाने, ‘रद्द’ करण्याचा म्हणून तो आणला आणि त्यानंच सोळा वर्षांवरच्या प्रत्येक कृष्णवर्णीयाच्या खिशात एक पुस्तिका आणली. आधी पुरुषांच्या, मग बायकांच्याही. आत फोटो, बोटांचे ठसे, मालकाची सही. चौकात पोलिसानं मागितली आणि जवळ नसली, की थेट कोठडी. २१ मार्च १९६० रोजी शार्पव्हिल या वस्तीत लोक मुद्दाम पास घरी ठेवून पोलीस ठाण्यावर गेले. गोळीबारात ६९ माणसं मेली.

आपल्याला हे परकं वाटायचं कारण नाही. जोहान्सबर्गच्या हमीदिया मशिदीच्या आवारात ऑगस्ट १९०८मध्ये गांधीजींच्या पुढाकारानं दोन हजारांहून अधिक नोंदणी दाखले कढईत जाळले गेले, ते याच नोंदणीच्या एका जुन्या अवताराविरुद्ध. आणि ‘गुन्हेगार’ ठरवलेल्या जमातींना कोंडून ठेवणारं सोलापूरचं सेटलमेंट ज्या गुन्हेगार जमाती कायद्यांची आठवण करून देतं, त्यांतल्या पहिल्या, १८७१च्या कायद्याचा दुसरा भाग हिजड्यांची नोंदवही ठेवण्याबद्दल होता. अशा जमातींपैकी पारध्यांबद्दल आपण थोडंफार बोलतो. हा दुसरा भाग मात्र सहसा कुणी सांगत नाही.

तर दक्षिण आफ्रिकेत माणसाच्या चेहऱ्याचा फोटो ही पोलिसाची वस्तू होती. पुढे दाखवतो ती छायाचित्रं या पार्श्वभूमीवर पाहा.

पडद्यावर आहेत बुसी सिगासा. कवयित्री आणि कार्यकर्त्या. छायाचित्राचं शीर्षक म्हणजे त्यांचं नाव, जागेचं नाव, वर्ष : ब्रामफोंटेन, जोहान्सबर्ग, २००६. बस, एवढंच. कृष्णधवल, कमरेपासून वर, नजर सरळ आपल्या नजरेत. ‘फेसेस अँड फेजेस’ या मालिकेतलं हे पहिलं छायाचित्र. मालिका अजून चालू आहे आणि पाचशेच्या वर गेली आहे. सगळ्या कृष्णवर्णीय समलिंगी स्त्रिया, ट्रान्स पुरुष, किंवा यांपैकी कुठलंच नाव न लावणारी माणसं. काहींचे काही वर्षांनी पुन्हा फोटो घेतले आहेत. दाढी आली, चेहरा भरला, पोशाख बदलला. मुहोली या माणसांना ‘सहभागी’ म्हणतात.

आता पासातल्या फोटोशी ताडून पाहा. सामग्री जवळपास तीच : नाव, ठिकाण, साल, समोरून चेहरा. फरक इतकाच, की इथे फोटो काढून घ्यायचा की नाही हे फोटोतला माणूस ठरवतो. माझ्या मते मुहोलींचं सगळं काम या एका उलटापालटीत आहे.

बुसी सिगासा २००७मध्ये गेल्या, ऐन तारुण्यात. प्रदर्शनात हे चेहरे ओळींनी लावतात तेव्हा मध्ये काही चौकटींच्या जागा रिकाम्या सोडलेल्या असतात : गेलेल्यांसाठी आणि अजून यायच्या असलेल्यांसाठीही.

हे मृत्यू समजून घ्यायला कायदा पाहून भागत नाही. कायदा उत्तम आहे. लैंगिक कलावरून भेदभाव करायचा नाही, असं संविधानात लिहिणारा दक्षिण आफ्रिका जगातला पहिला देश. समलिंगी विवाह तिथे २००६पासून आहे. आणि एप्रिल २००८मध्ये तिथल्या महिला राष्ट्रीय संघाकडून खेळलेली फुटबॉलपटू युडी सिमेलाने हिच्यावर बलात्कार करून तिचा खून करण्यात आला. ती समलिंगी आहे हे तिनं लपवलं नव्हतं. ‘सुधारण्यासाठी’ बलात्कार असा प्रकार वस्त्यांमध्ये चालतो. न्यायालयाचा निकाल वस्तीच्या गल्लीपर्यंत पोचायला फार वेळ लागतो. आपल्याकडे समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या कलम ३७७बाबतचा २०१८चा निकाल आठवा आणि आपापलं गाव आठवा.

जोहान्सबर्गमध्ये कॉन्स्टिट्यूशन हिल नावाची टेकडी आहे. तिथल्या तुरुंगात गांधीजी होते. आता त्याच आवारात संविधान न्यायालय आहे आणि समलिंगी विवाहाचा निकाल तिथेच लागला. ऑगस्ट २००९मध्ये याच टेकडीवर स्त्री कलावंतांचं प्रदर्शन भरलं. पासाविरुद्ध १९५६ साली प्रिटोरियावर चालून गेलेल्या वीस हजार बायकांची आठवण म्हणून ऑगस्ट हा तिथे स्त्रियांचा महिना. तत्कालीन कला-संस्कृती मंत्री लुलू शिंग्वाना आल्या, मुहोलींची छायाचित्रं पाहिली आणि तडक निघून गेल्या. अनैतिक, राष्ट्रबांधणीच्या विरोधात, असा त्यांचा आक्षेप होता. छायाचित्रांत होतं काय? एकमेकींना मिठी मारलेल्या दोन बायका.

दुसरी मालिका ‘सोमन्यामा न्गोन्यामा’, म्हणजे झुलू भाषेत काळ्या सिंहिणीचा जयजयकार. इथे समोर स्वतः मुहोली. छापताना कॉन्ट्रास्ट वाढवून कातडी आणखी काळी केलेली. डोक्यावर भांडी घासायच्या तारेच्या घासण्या, केसांत आणि कानांत कपड्यांचे चिमटे. हे आईचं घरकाम. एका छायाचित्रात खाणकामगाराचं हेल्मेट आहे, मारिकानाला २०१२ साली पोलिसांनी गोळ्या घातलेल्या ३४ खाणकामगारांसाठी. ही मालिका जगभर गाजली, फॅशनच्या मासिकांनाही आवडली. मला मात्र तिच्यातली काही चित्रं जरा जास्तच देखणी वाटतात. घासणी पाहून आधी मुकुट दिसतो आणि मग आठवतं की हातांची सालं गेली असतील. पहिल्या मालिकेतल्या साध्या चेहऱ्यांपुढे ती मला उणी वाटतात. तुमचं मत वेगळं असू शकेल, असावंच.

राहिला नेहमीचा प्रश्न : वस्तीतले चेहरे लंडनच्या टेट मॉडर्नमध्ये लावून वस्तीला काय मिळालं? प्रश्न रास्त आहे. एप्रिल २०१२मध्ये मुहोलींच्या केप टाउनच्या घरी चोरी झाली आणि कित्येक वर्षांचं काम असलेल्या हार्ड डिस्क गेल्या. तेव्हा ज्या प्रती संग्रहालयांसारख्या ठिकाणी पोचल्या होत्या, तेवढ्याच सुरक्षित होत्या. संग्रहालयाचा हा कोरडा उपयोग मी कमी लेखणार नाही. दुसरं असं, की मुहोलींनी २००९मध्ये ‘इन्कान्यिसो’ नावाची संस्था काढली. तिच्यामार्फत वस्तीतल्या तरुणांच्या हाती कॅमेरे गेले, आणि मग लग्नं, अंत्ययात्रा, न्यायालयातल्या तारखा यांचे फोटो त्यांनीच काढायला आणि वृत्तान्त त्यांनीच लिहायला घेतले. मुहोलींचं स्वतःचं शिक्षणही असंच झालं होतं, छायाचित्रकार डेव्हिड गोल्डब्लॅट यांनी १९८९मध्ये जोहान्सबर्गला सुरू केलेल्या मार्केट फोटो वर्कशॉपमध्ये. गोल्डब्लॅट गोरे होते आणि वर्कशॉप मुख्यतः ज्यांना वर्णभेदानं शिक्षणाबाहेर ठेवलं त्यांच्यासाठी होतं.

आता दिवे लावायला हरकत नाही. मागच्या रांगेतून मघापासून एक हात वर आहे, त्यांचा प्रश्न आधी घेऊ.