खाऱ्या पाण्यांतील नागवंश



पवना आणि इंद्रायणी या नद्यांच्या कांठीं ज्यांचें बालपण गेलें, त्यांना दिवड हा साप चांगला ओळखीचा असतो. डोहांत डोकें वर काढून पोहणारा, बेडूक आणि मासे खाणारा हा साप चावला, तरी विषबाधा होत नाहीं. त्यामुळें पाण्यांतला साप म्हणजे बिनविषारी साप, अशी समजूत पिंपरी, चिंचवड, चाकण या टापूंत पुष्कळांच्या मनांत दृढ झालेली असते. नदीपुरती ती बहुतेक खरीही आहे. परंतु तीच समजूत बरोबर घेऊन एखादा मनुष्य सह्याद्रि उतरून कोंकणांत गेला, आणि अलिबागच्या किंवा मालवणच्या वाळूवर पडलेला चपट्या शेपटीचा साप त्यानें कुतूहलानें उचलला, तर ती त्याच्या प्राणावर बेतूं शकते. गोड्या पाण्यांतला नियम खाऱ्या पाण्यांत उलटा होतो. खरे समुद्रसर्प जवळजवळ सर्वच विषारी आहेत.

हे साप नाग आणि मण्यार यांच्याच कुळांतले होत. त्यांचे पूर्वज जमिनीवर राहत. लक्षावधि वर्षांपूर्वीं ते पाण्यांत शिरले आणि हळूहळू त्यांचें शरीर समुद्राला साजेसें झालें. शेपटी दोन्ही बाजूंनीं चपटी होऊन वल्ह्यासारखी बनली. नाकपुड्या वरच्या बाजूस आल्या, आणि बुडी मारतांना त्या बंद करणारे पडदे निर्माण झाले. सरपटण्यासाठीं सापाच्या पोटावर जे रुंद खवले असतात, ते बहुतेक समुद्रसर्पांत इतके लहान झाले कीं, लाटेबरोबर वाळूवर आलेल्या सापाला परत पाण्यापर्यंत जाणेंही कठीण पडतें. अंडीं घालण्यासाठीं किनाऱ्यावर येण्याची गरजही त्यांना उरली नाहीं. मादी पाण्यांतच जिवंत पिल्लांना जन्म देते. आडव्या पट्ट्यांचा एक निराळा गट मात्र अंडीं घालण्यासाठीं आजही खडकाळ किनाऱ्यावर चढतो. अंदमान बेटांत तो आढळतो.

इतके फेरबदल झाले, तरी जमिनीवरच्या दोन गरजा या प्राण्याला सोडतां आल्या नाहींत. पहिली गरज हवेची. माशाप्रमाणें त्याला कल्ले नाहींत. त्याचें फुप्फुस जवळजवळ शेपटीपर्यंत लांबलेलें असतें, कांहीं प्राणवायु तो कातडीवाटेही घेतो, आणि अशा रीतीनें अर्धा तास, कांहीं जाती तर त्याहूनही बराच अधिक वेळ, पाण्याखालीं काढूं शकतात. पण शेवटीं श्वासासाठीं त्याला वर यावेंच लागतें. जन्मभर समुद्रांत राहणारा हा जीव समुद्रांतच बुडून मरूं शकतो.

दुसरी गरज गोड्या पाण्याची. त्याच्या जिभेखालीं एक ग्रंथि असते. ती शरीरांतील जादा मीठ बाहेर टाकते. यावरून हे साप समुद्राचेंच पाणी पिऊन जगत असावेत, असें पुष्कळ वर्षें मानलें जाई. कोस्टारिका देशाच्या किनाऱ्यावर पिवळ्या पोटाच्या समुद्रसर्पाचा जो अभ्यास झाला, त्याचे निष्कर्ष २०१४ सालीं प्रसिद्ध झाले, आणि ही समजूत डळमळली. कोरड्या ऋतूंत हे साप तहानलेले असतात, आणि तहान लागली तरी खारें पाणी पीत नाहींत, असें आढळलें. पावसाचें पाणी समुद्राच्या पाण्याहून हलकें असतें. मोठी सर येऊन गेली म्हणजे त्याचा पातळ थर कांहीं काळ समुद्रावर तरंगतो. तेंच पाणी पिऊन हा साप तहान भागवितो.

आतां त्यांचें वसतिस्थान पाहूं. जगांत समुद्रसर्पांच्या साठांहून अधिक जाती आहेत. हिंदी महासागर आणि प्रशांत महासागर यांच्या उष्ण भागांत त्या पसरल्या आहेत. अटलांटिक महासागरांत मात्र एकही जात वसलेली नाहीं. आफ्रिकेच्या नैर्ऋत्य किनाऱ्याजवळचा थंड प्रवाह त्यांची वाट अडवितो. आणि अमेरिकेच्या बाजूनें जावें तर पनामाची संयोगभूमि सुमारें तीस लाख वर्षांपूर्वींच जुळून गेलेली. पिवळ्या पोटाचा समुद्रसर्प मात्र प्रवाहांबरोबर वाहत आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यापासून अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यापर्यंत पोंचला. त्याचें शास्त्रीय नांव हायड्रोफिस प्लॅट्युरस. वरून काळा, खालून पिवळा, शेपटीवर ठिपके असें त्याचें रूप असतें, आणि तो उघड्या समुद्राच्या पृष्ठभागावर राहतो.

शहरांत जशा निरनिराळ्या पेठा, तशी समुद्रांतही या सापांची वस्ती वांटलेली असते. कोंकणांतील खाड्यांच्या मुखाशीं, गढूळ आणि उथळ पाण्यांत, चिखलाच्या तळावर चोचीचा समुद्रसर्प, म्हणजे हायड्रोफिस शिस्टोसस, राहतो. याच्या वरच्या जबड्याचें टोंक चोचीप्रमाणें खालीं वळलेलें असतें. शिंगाळा आणि केंड हे त्याचे आवडते मासे. केंड मासा जाळीं कुरतडतो, म्हणून मालवणचे मच्छीमार त्याच्या नांवानें बोटें मोडतात. त्याच केंडाला खाणारा हा साप आहे, ही गोष्ट ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. त्याहून बाहेरच्या पाण्यांत आंखूड आणि जाड बांध्याचा हायड्रोफिस कर्टस सांपडतो. सिंधुदुर्गाच्या किनाऱ्यावर जाळ्यांत आलेल्या सापांच्या २००२-०३ मधील नोंदींत या आंखूड सापाचें प्रमाण अधिक होतें; २०१६ ते २०१८ च्या नोंदींत चोचीचा साप पुढें गेला. वाढत्या मासेमारीचा हा परिणाम असावा, असें अभ्यासकांचें मत आहे. ट्रॉलरचें जाळें तासन् तास तळावरून ओढलें जातें. त्यांत अडकलेल्या सापाला श्वासासाठीं वर येतां येत नाहीं.

आतां मनुष्याच्या बाजूनें विचार करूं. समुद्रसर्प पाठलाग करून चावत नाहीं. दंश होतो तो बहुधा जाळ्यांतून मासे निवडणाऱ्या हाताला, किंवा उथळ पाण्यांत नकळत पडलेल्या पावलाला. पेनांग येथील रुग्णालयांत डॉक्टर रीड यांनीं १९५० नंतरच्या दशकांत अशा रोग्यांचा बारकाईनें अभ्यास केला. त्यांत बहुतेक मच्छीमार होते, आणि पुष्कळ दंशांत विष शरीरांत गेलेंच नव्हतें. परंतु गेलें तर तें फसवें असतें. दंशाची जागा सुजत नाहीं, फारशी दुखतही नाहीं. मनुष्य कामाला लागतो. मग अर्ध्या तासानें, कधीं कांहीं तासांनीं, अंग ठणकूं लागतें, मान आणि हातपाय ताठतात, पापण्या जड होतात. स्नायूंचा नाश होऊन लघवी काळसर येते, मूत्रपिंडें निकामी होऊं लागतात, आणि श्वासाचे स्नायू थकले म्हणजे प्राण धोक्यांत येतो.

येथें पिंपरीचा संबंध येतो. १८९९ पासून परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाउसमध्यें असलेल्या प्लेगच्या प्रयोगशाळेला १९२५ सालीं हाफकिन यांचें नांव मिळालें. १९७५ सालीं औषधनिर्मितीसाठीं हाफकिन जीव-औषध निर्माण महामंडळ निराळें झालें. याच महामंडळाच्या पिंपरी येथील शाखेनें घोड्यांच्या रक्तापासून सर्पदंशावरील प्रतिविष बनविलें आहे. पद्धति अशी कीं, घोड्याला विषाची अगदीं अल्प मात्रा देऊन ती क्रमाक्रमानें वाढवीत नेतात. घोड्याच्या रक्तांत त्या विषाचा प्रतिकार करणारीं द्रव्यें तयार होतात. मग थोडें रक्त काढून तीं द्रव्यें वेगळीं व शुद्ध करतात. परंतु ज्या विषाची मात्रा दिली, त्याच्याच विरुद्ध हें औषध भरंवशाचें. भारतांतील नेहमींचें प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसें या चार सापांच्या विषांवर तयार होतें. चाकणच्या शेतांत घोणस चावलेल्या शेतकऱ्याला जी कुपी जीवदान देते, तिच्यावर मालवणच्या होडींतील मच्छीमाराला विसंबतां येत नाहीं. साप नागाच्याच कुळांतला खरा, पण कूळ एक असल्यानें विष एक होत नाहीं. ऑस्ट्रेलियांत चोचीच्या समुद्रसर्पाचें विष वापरून स्वतंत्र प्रतिविष तयार करण्यांत आलें. आपल्या किनाऱ्यावरील दवाखान्यांत तें सहज मिळण्याजोगें नाहीं.

मग उपाय कोणता? पहिला उपाय ओळखीचा. शेपटी वल्ह्यासारखी चपटी दिसली कीं तो समुद्रसर्प समजावा, आणि तो मेल्यासारखा दिसला तरी हात लावूं नये. वाम हा मासाही लांबोळका असतो. पण त्याला कल्ले आणि पर असतात, सापासारखे खवले नसतात. दुसरा उपाय वेळेचा. दंश झाला तर जखम कापूं नये, चोखूं नये, करकचून दोरी बांधूं नये. हाड मोडल्यावर जसा हात किंवा पाय फळीला बांधून स्थिर ठेवतात, तसा तो ठेवून रोग्याला तात्काळ मोठ्या रुग्णालयांत न्यावें. दुखत नाहीं म्हणून वाट पाहूं नये. प्रतिविष नसलें तरी यंत्राच्या साह्यानें श्वास चालू ठेवणें आणि मूत्रपिंडांचें काम यंत्राकडून करून घेणें आज शक्य आहे, आणि वेळीं पोंचलेल्या रोग्याला त्यानें वांचवितां येतें.

तिसरा उपाय सापासाठीं आहे. जाळ्यांत आलेला साप काठीनें उचलून पाण्यांत सोडून द्यावा. त्याला मारून मच्छीमाराच्या पदरांत कांहींच पडत नाहीं. तो दर्यांतला जुना रहिवासी आहे. त्याच्या पेठेंत मनुष्याचें जाळें शिरतें, तेव्हांच बहुधा दोघांची गांठ पडते. पुढच्या सुट्टींत घाट उतरून समुद्रावर जाणाऱ्या कुटुंबानें घरांतील मुलांना एवढेंच सांगून ठेवावें कीं, वाळूवर साप दिसला तर चार पावलें दूर उभें राहून त्याची शेपटी पाहावी, जवळच्या मच्छीमाराला हांक मारावी, आणि हात मात्र पाठीमागेंच ठेवावे.